काम संपून पावणेतीन वर्षं झाली, फायनल बिल अडकलंय. कोर्टात जायला उशीर झालाय का?

हिशोबवही (६ जानेवारी २०२६)

नमस्कार. माझे वडील नोंदणीकृत ठेकेदार आहेत. मोठे नाहीत, वर्षाला दोन, फार तर तीन कामं. साइट ते बघतात, कागद आणि हिशोब मी बघते. म्हणून हा प्रश्न मीच विचारतेय.

काम राज्य सरकारच्या एका खात्याचं, बी-१ करारावरचं (सरकारी कामांच्या कराराचा छापील नमुना). ३.२ किलोमीटर रस्ता, खडीकरण-डांबरीकरण आणि दोन स्लॅब मोऱ्या. करार १ कोटी १२ लाखांचा. कार्यारंभ आदेश ९ डिसेंबर २०२१चा, काम पूर्ण झाल्याचा दाखला ३० एप्रिल २०२३चा. दोन आर.ए. बिलांत (काम चालू असताना दिलेल्या बिलांत) मिळून ७७ लाख ७० हजार मिळाले. फायनल बिल ३१ लाख ७० हजारांचं, ते १४ ऑगस्ट २०२३ला विभागात गेलं, त्याची पोच माझ्याकडे आहे. तिथून पुढे काही नाही.

याशिवाय जादा कामाचे ८ लाख ६५ हजार आहेत. पहिल्या मोरीच्या पायात कठीण खडक लागला, अंदाजपत्रकात तिथे मुरूम धरला होता. आणि शेवटच्या टप्प्यात गावकऱ्यांनी शेतात पाणी तुंबतंय म्हणून काम अडवलं, तेव्हा उपअभियंत्यांनी जागेवर उभं राहून एक पाइप मोरी वाढवायला सांगितली. "करून टाका, मंजुरीचं मी बघतो." वडिलांनी आठ दिवसांत मोरी टाकली. लेखी आदेश नाही. ते साहेब त्याच वर्षी बदलून गेले.

मी आतापर्यंत अकरा पत्रं दिली, सगळ्यांवर आवक नंबर आहे. उत्तर एकदाच आलं, १९ फेब्रुवारी २०२४ला, तीन ओळींचं. आमच्या कामाचं नाव, खाली "अंतिम देयक निधी उपलब्ध होताच अदा करण्यात येईल" आणि सही. ते पत्र घेऊन आम्ही दोन वर्षं फिरतोय. प्रत्येक मार्चला सांगतात, या मार्चला नक्की.

मागच्या महिन्यात विभागातून वेगळंच कानावर आलं. जादा कामावर आणि व्याजावर हक्क सांगणार नाही असं शंभरच्या स्टॅम्पवर लिहून द्या, मग फायनल बिल पुढे सरकवता येईल. वडील द्यायला तयार आहेत. मी स्टॅम्प आणू दिला नाही, त्यावरून घरात दोन दिवस बोलणं बंद होतं.

त्यांचंही मला कळतं. सेंटरिंगवाल्याचे ४ लाख बाकी आहेत, डंपरवाल्यांचे त्याहून जास्त. कॅश क्रेडिटचं व्याज दर महिन्याला खात्यातून जातं. मुकादमाचं गाव याच रस्त्यावर आहे, त्याचे पैसे अजून द्यायचेत. म्हणून वडील स्वतः केलेल्या रस्त्यावरून जात नाहीत, बारा किलोमीटरचा वळसा घालतात. हे त्यांनी मला कधी सांगितलं नाही. गाडीच्या डिझेलच्या हिशोबात मला दिसलं.

कोर्टाचं नाव काढलं की म्हणतात, काळ्या यादीत टाकतील, पुढचं काम मिळणार नाही. मला तीन गोष्टी विचारायच्या आहेत. उशीर झालाय का? तोंडी सांगितलेल्या मोरीचे पैसे मिळतात का? आणि तो स्टॅम्प द्यावा का?

---

खडीक्रशर

ताई, आधी माझं ऐका, बाकी सगळं नंतर.

मी २०१४च्या मार्चमध्ये एका शाळेच्या इमारतीचं काम पूर्ण केलं. १९ लाख राहिले. साहेब लोक चांगले होते, खरंच चांगले. दर महिन्याला जायचो, चहा पाजायचे, फाइल दाखवायचे. मीही तुमच्यासारखी पत्रं दिली, चौदा की पंधरा. मला वाटायचं प्रत्येक पत्राने माझा हक्क ताजा राहतोय. सप्टेंबर २०१७मध्ये दावा टाकला. सरकारी वकिलाने बिल खोटं आहे असं म्हटलंच नाही. काम चांगलं झालंय हेही मान्य केलं. फक्त म्हणाला, मुदतबाह्य. कोर्टाने दावा त्याच एका मुद्द्यावर काढून टाकला. एमबीत (मोजमाप पुस्तकात) माझ्या कामाची पानं होती, इमारतीत मुलं शिकत होती, आणि १९ लाख गेले.

तुम्ही लिहिलेली पत्रं मुदत वाढवत नाहीत. हे मला तेव्हा कुणी सांगितलं नाही म्हणून तुम्हाला सांगतोय. काम संपल्यापासून तीन वर्षं. तुमचा दाखला ३० एप्रिल २०२३चा, म्हणजे ३० एप्रिल २०२६. आज ६ जानेवारी आहे.

वडिलांना म्हणावं, काळ्या यादीची भीती मलाही होती. दावा हरल्यानंतर त्याच खात्यात मी आणखी पाच कामं केली. ज्यांची भीड धरून मी तीन वर्षं थांबलो ते तिघेही साहेब तोवर बदलून गेले होते.

अजून एक. तुमचं टेंडर २०२१चं आहे. सरकारी कामांवरचा जीएसटी १८ जुलै २०२२पासून १२चा १८ टक्के झाला. त्यानंतरच्या बिलांत फरकाचे सहा टक्के मागितलेत का ते बघा. बऱ्याच जणांचे ते राहून गेले.

---

दिवाणी वकील

वर जे लिहिलंय ते मनावर घ्या, फक्त त्यात तुमच्या बाजूची एक गोष्ट राहिली आहे.

मुदत कायदा १९६३च्या अनुसूचीतला अनुच्छेद १८ केलेल्या कामाच्या मोबदल्याबद्दल आहे. पैसे कधी द्यायचे ते ठरलेलं नसेल तर काम झाल्यापासून तीन वर्षं. बिल दिल्याच्या तारखेपासून मोजा असा युक्तिवाद करता येतो, पण त्याच्या भरवशावर राहू नका. ३० एप्रिल हीच तारीख धरून चाला. पत्रव्यवहार किंवा बोलणी चालू आहेत म्हणून मुदत पुढे जात नाही, हे सुप्रीम कोर्टाने २०२३मध्ये संरक्षण मंत्रालयाविरुद्धच्या बी अँड टी एजी प्रकरणात पुन्हा स्पष्ट केलं.

आता तुमचं ते तीन ओळींचं पत्र. ज्याला तुम्ही टोलवाटोलवी समजून फाइलला लावलंय, तो कदाचित तुमच्या फाइलमधला सगळ्यात मोलाचा कागद आहे. देणेकऱ्याने मुदत संपायच्या आत सही करून लेखी देणं कबूल केलं, तर त्या तारखेपासून नवी तीन वर्षं सुरू होतात, हे त्याच कायद्याचं कलम १८ (अनुच्छेद वेगळा, कलम वेगळं, दोन्हींचा आकडा तोच आहे). त्याचं स्पष्टीकरण वाचा. रक्कम नेमकी लिहिलेली नसली, किंवा द्यायची वेळ अजून आलेली नाही असं म्हटलेलं असलं, तरी ती कबुली कबुलीच राहते. "निधी उपलब्ध होताच" याचा अर्थ दुसरा काय होतो?

पण सही कोणाची आहे? देणेकऱ्याची किंवा त्याने अधिकार दिलेल्या माणसाची लागते. ते बघून सांगा. आणि ही कबुली फक्त अंतिम देयकापुरती आहे. पाइप मोरीचा त्यात शब्द नाही, तिच्यासाठी ३० एप्रिल कायम.

स्टॅम्प देऊ नका. दडपणाखाली घेतलेलं "हक्क नाही"चं पत्र दावा अडवत नाही असं सुप्रीम कोर्टाने २००८मध्ये बोघारा पॉलिफॅब प्रकरणात म्हटलंय, पण दडपण होतं हे सिद्ध करायला तुमची वर्षं जातील. पैसे मिळत असतील तर जरूर घ्या, फक्त बिलावर सही करताना "हरकत राखून" असं लिहा आणि त्याच दिवशी आवकला पत्र द्या.

तोंडी कामाचं उत्तर दोन पायऱ्यांत आहे. बी-१मध्ये कलम १४ फेरबदलाचं आणि जादा बाबींचं आहे, आणि परिमाण निविदेतल्या आकड्याच्या १२५ टक्क्यांवर गेलं तर कलम ३८. कठीण खडक तिथून मागायचा, कारण तो जागेवर निघाला आणि मोजलाही गेला असणार. पाइप मोरी करारात बसत नाही असं ते म्हणाले, तर भारतीय करार कायद्याचं कलम ७० आहे. काम कायदेशीर होतं, फुकट म्हणून केलेलं नव्हतं, आणि सरकारने त्याचा लाभ घेतला. या तीन गोष्टी दाखवल्या की मोबदला मागता येतो. पश्चिम बंगाल सरकार विरुद्ध बी. के. मंडल अँड सन्स, एआयआर १९६२ सुप्रीम कोर्ट ७७९. तिथेही रीतसर करार नव्हता, अधिकाऱ्यांच्या सांगण्यावरून बांधकाम झालं होतं आणि सरकार ते वापरत होतं. तुमच्या मोरीतून पाणी वाहतंय ना? पावसाळ्यातले फोटो काढलेत का?

त्या साहेबांचे व्हॉट्सअ‍ॅप मेसेज असतील तर फोन बदलू नका. इलेक्ट्रॉनिक पुराव्यासाठी भारतीय साक्ष्य अधिनियमाच्या कलम ६३चं प्रमाणपत्र लागेल.

करारातलं कलम ३०, अधीक्षक अभियंत्यांचा निर्णय अंतिम, त्याला पुष्कळ लोक लवाद समजतात. तो लवाद नाही, हे सुप्रीम कोर्टाने २०१३मध्ये विष्णू विरुद्ध महाराष्ट्र शासन या निकालात बी-१च्याच कलम ३०बद्दल सांगितलं. म्हणजे तुमचा मार्ग दाव्याचा. रक्कम ३ लाखांच्या वर आणि बांधकामाचा करार, म्हणून कमर्शियल कोर्ट. दाव्याआधी कमर्शियल कोर्ट कायद्याच्या कलम १२-अ खाली मध्यस्थी सक्तीची आहे, अर्ज जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे. सरकारकडून कुणी आलं नाही तर तसा अहवाल मिळतो आणि तुम्ही मोकळ्या होता. त्यात गेलेला काळ मुदतीत धरत नाहीत.

त्याआधी दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ८०ची दोन महिन्यांची नोटीस. इथे लोक हमखास चुकतात. ती कार्यकारी अभियंत्यांना पाठवून चालत नाही, शासनाचे सचिव किंवा जिल्हाधिकारी यांनाच द्यावी लागते. दावाही महाराष्ट्र शासनाविरुद्ध लागतो, कार्यालयाविरुद्ध नाही. नोटिशीत व्याजाची मागणी शब्दांत लिहा, म्हणजे व्याज कायदा १९७८खाली नोटिशीच्या तारखेपासून ते मागता येईल. करारात व्याज नाकारणारी अट आहे का ते आधी तपासा. नोटिशीचे दोन महिने मुदतीतून वगळले जातात, पण तो कुशनसारखा वापरायचा नाही, अडचणीसाठी राखून ठेवायचा.

---

हिशोबवही

वकीलसाहेब, पत्र काढून बघितलं. सही "कार्यकारी अभियंता करिता" अशी आहे, खाली विभागीय लेखाधिकाऱ्यांचा शिक्का. कार्यकारी अभियंत्यांची स्वतःची नाही. आता?

आणि हायकोर्टात रिट (सरकारला थेट आदेश द्यावा असा अर्ज) केलं तर लवकर होईल असं इथे एक जण सांगत होते. आमचा जिल्हा आता कोल्हापूर सर्किट बेंचखाली येतो, मुंबईला जायची गरज नाही म्हणाले.

---

निवृत्त शाखा अभियंता

मुली, या "करिता"वर रात्र जागवू नकोस. तुला हवा तो कागद विभागात असणार, फक्त तो तुझ्या नावाने लिहिलेला नाही.

मी एकतीस वर्षं हे केलंय म्हणून सांगतो. दरवर्षी, साधारण डिसेंबर ते फेब्रुवारी, विभागातून मंडळ कार्यालयाला, म्हणजे अधीक्षक अभियंत्यांना, निधी मागणीचं पत्र जातं. सोबत प्रलंबित देयकांची यादी असते, कामाचं नाव, ठेकेदार, देयकाची रक्कम, लेखाशीर्ष (कोणत्या सरकारी खात्यावर खर्च टाकायचा ते). ती यादी कार्यकारी अभियंता स्वतः सही करून पाठवतो, कारण तिच्यावरच त्याला पैसे मिळतात. ठेकेदाराला ती कुणी दाखवत नाही. तुझ्या वडिलांचं बिल १४ ऑगस्ट २०२३ला विभागात पोचलंय, तर त्यानंतरच्या प्रत्येक यादीत ते असायला हवं.

माहिती अधिकारात अर्ज कर. दहा रुपये, तीस दिवस. अर्जात "माझ्या बिलाचं काय झालं" असं विचारू नकोस, त्याला "कार्यवाही सुरू आहे" हेच उत्तर येईल. अभिलेख पाहणी माग, आणि नाव घेऊन माग: प्रलंबित देयकांच्या याद्या २०२३-२४पासून, या कामाची मोजमाप पुस्तकं, लेव्हल बुक, साइट ऑर्डर बुक (जागेवर दिलेल्या सूचनांची वही), जादा बाबींच्या दरसूचीचा प्रस्ताव. पाहणीला स्वतः जा, पानं मोजून साक्षांकित प्रती घे.

एमबीत एक बघ. शाखा अभियंत्याने मोजमाप लिहिल्यावर उपअभियंता काही टक्के तपासतो आणि तिथे सही-तारीख करतो. कठीण खडकाच्या पानावर ती तपासणीची सही असली तर तो मुद्दा जवळजवळ संपला. लेव्हल बुकात पायाची पातळी सापडेल, सुरुंगाची परवानगी घेतली असेल तर तीही. पाइप मोरी एमबीत नसण्याचीच शक्यता जास्त. मंजुरी नसताना मोजमाप लिहायला आमचा हात धजत नाही, हे खरं सांगतो. मी स्वतःही एकदोनदा असं लिहिलेलं नाही, आणि त्या ठेकेदाराचे पैसे त्यामुळे लांबले, याची मला आजही टोचणी आहे. तेव्हा मोरीसाठी बाहेरचे कागद शोध.

वडिलांना माझा निरोप दे. कोर्टात गेल्याचा राग कार्यालय धरत नाही. उलट फाइलवर न्यायालयाचं नाव आलं की टिप्पणी लिहिणाऱ्यालाच आधार मिळतो. त्याला स्वतःच्या सहीने एकाचं बिल आधी काढायची भीती असते, आदेश असला की ती भीती उरत नाही.

---

दिवाणी वकील

वर सांगितलंय ते अगदी बरोबर. कलम १८च्या स्पष्टीकरणात हेही आहे की कबुली हक्कदाराला उद्देशून नसली, तिसऱ्याला लिहिलेली असली तरी चालते. कार्यकारी अभियंत्यांनी अधीक्षक अभियंत्यांना लिहिलेली, तुमचं नाव आणि रक्कम असलेली यादी "करिता"च्या सहीपेक्षा कितीतरी भक्कम.

रिटबद्दल. कोल्हापूर सर्किट बेंच १८ ऑगस्ट २०२५पासून सुरू आहे, अंतर वाचतं हे खरं. रक्कम मान्य असेल, तथ्यांचा वाद नसेल, तर करारातल्या पैशांसाठीही रिट चालू शकतं, सुप्रीम कोर्टाचा २००३चा एबीएल इंटरनॅशनलचा निकाल आहे. ३१ लाख ७० हजारांसाठी विचार करण्यासारखं आहे. पण बऱ्याचदा आदेश येतो तो एवढाच, की ठेकेदाराच्या निवेदनावर अमुक आठवड्यांत निर्णय घ्या. आणि रिट पडून असताना दाव्याचं घड्याळ थांबत नाही. चुकीच्या कोर्टात गेलेला काळ वगळण्याची, मुदत कायद्याच्या कलम १४ची सवलत मागता येते, मिळेलच असं नाही. जादा कामासाठी रिटचा विचारही करू नका, तिथे साक्षीपुरावे लागतात.

काळ्या यादीबद्दल: कारणे दाखवा नोटीस आणि बाजू मांडायची संधी दिल्याशिवाय कुणालाही काळ्या यादीत टाकता येत नाही. हे १९७४पासून ठरलेलं आहे, इरुशियन इक्विपमेंट प्रकरण. कोर्टात दाद मागणं हे त्याचं कारण होऊच शकत नाही.

दावा जिंकल्यावरचंही आत्ताच सांगतो, नाहीतर वडिलांना वाटेल हुकूमनामा म्हणजे चेक. सरकारविरुद्धचा हुकूमनामा तीन महिने थकल्याशिवाय अंमलबजावणीला जात नाही, ते दिवाणी प्रक्रिया संहितेचं कलम ८२. अपील होईल. वर्षं लागतील. तरी मी दावा लावाच म्हणेन.

---

खडीक्रशर

ताई, अनामतही विसरू नका. दोष दायित्वाचा काळ (कामात दोष निघाला तर ठेकेदाराने दुरुस्त करून द्यायचा काळ) किती होता? दोन वर्षांचा असेल तर तो २०२५च्या एप्रिलमध्ये संपला, परतावा तेव्हापासून मागता येतो. तिची तारीख वेगळी, पण नोटिशीत एकत्रच घाला.

---

हिशोबवही (१७ फेब्रुवारी २०२६)

सगळ्यांना कळवायचं होतं.

पाहणीला मी आणि वडील दोघं गेलो. ते येणार नव्हते. निघताना म्हणाले, एमबीतलं अक्षर तुला लागणार नाही, मी येतो. तीन तास बसलो. २७ फेब्रुवारी २०२५च्या निधी मागणीच्या यादीत अनुक्रमांक १४ला आमचं काम आहे, रक्कम ३१.७० लाख, खाली कार्यकारी अभियंत्यांची पूर्ण सही. वडिलांनी तो आकडा बोटाने दाखवला आणि बराच वेळ बोट तिथेच ठेवलं. इतके दिवस त्यांना वाटत होतं की आमचं बिल हरवलंय आणि कुणी सांगत नाही.

कठीण खडक एमबीत आहे, तपासणीच्या सहीसकट. पाइप मोरी नाही, शाखा अभियंताकाका म्हणाले तसंच. साइट ऑर्डर बुकात त्या आठवड्याची पानं कोरी आहेत.

स्टॅम्प दिला नाही. कलम ८०ची नोटीस ११ फेब्रुवारीला जिल्हाधिकारी कार्यालयात दिली, प्रत सचिवांना रजिस्टर पोस्टाने. फायनल बिल, खडक, मोरी, अनामत आणि व्याज सगळं घातलं. जीएसटीचा फरक दुसऱ्या बिलात राहिलाच होता, तोही घातला. आमच्या वकिलांनी मध्यस्थीच्या अर्जासाठी १३ एप्रिल, सोमवार, ठरवलाय, ३० तारखेच्या आत.

मोरीसाठी बाहेरचे कागद शोधताना पाइपवाल्याची जुनी चलनं काढली. सहा पाइप, दोन खेपा. माल उतरवला तेव्हा वडील साइटवर नव्हते, म्हणून गाडीवाल्याने तिथे हजर असलेल्या माणसाची सही घेतली होती. दोन्ही चलनांवर सही आमच्या कामावरच्या शाखा अभियंत्यांची आहे, तारखेसकट. मी ती लॅमिनेट करायला निघाले होते, वकिलांनी फोनवरच थांबवलं. आता प्लास्टिकच्या पिशवीत, एमबीच्या प्रतींच्या वर ठेवलीत.